हातात काय होतं

आमच्या चाळीत पाणी यायच्या आधी नळ बोलायचा. आधी खुर्रर करायचा, मग म्हाताऱ्या माणसासारखा खोकायचा, मग लालसर काहीतरी थुंकायचा आणि मग पाणी. त्या खोकल्याला अख्खा मजला उठायचा. मी लग्न करून लालबागला आले तेव्हा एकोणीसची होते, नववीतून शाळा सुटलेली, भायखळ्याच्या भाजीबाजारामागे वाढलेली, म्हणजे आवाजाचं मला काही नवीन नव्हतं, पण हा नळाचा आवाज मी माहेरी कधी ऐकला नव्हता आणि पहिल्या आठवड्यात मी घाबरून विनोदला, म्हणजे नवऱ्याला, हलवून उठवलं होतं की बाहेर कोणतरी आजारी आहे. तो झोपेतच बोलला, "नळ आहे तो, कळशी घेऊन जा." सासू तोवर उभी राहिलेली, पदर खोचून. माझी सासू मालवणची, चाळीस वर्षं मुंबईत, पण बोलणं अजून तिथलंच. तिच्या हातची कुळथाची पिठी आणि भाजलेला सुका बोंबील, एवढ्यावर मी त्या घरात टिकले असं मला कधीकधी वाटतं. मनू पोटात असताना मला दुसरं काही जातच नव्हतं. सासू पिठी ढवळायची आणि बोलायची, "खा गो, पोरगी झाली तर तिखट होतली." पोरगीच झाली.

मनू आठ महिन्यांची होती त्या वर्षाचं हे आहे. आमच्या मागच्या जागेवर टॉवरचं काम सुरू झालं होतं. जमिनीत लोखंडी खांब ठोकायचं मशीन होतं, धुम्म, मग थांबायचं, मग धुम्म, दिवसभर. ताटातलं वरण थरथरायचं. मनूला त्या आवाजाची इतकी सवय झाली होती की मशीन बंद पडलं की रडायची. आणि त्या खोदाईत काय झालं कोणास ठाऊक, आमच्या नळाचा खोकला लांबत गेला आणि पाणी कमी होत गेलं. पाऊण तासाचं वीस मिनिटं झालं, वीसचं दहा. येईल ते मातीचं. मनूचे लंगोट मी त्या पाण्यात धुवायचे तर पिवळे पडायचे. पुरुषांनी दोनदा अर्ज दिला. बिल्डरचं ऑफिस तिथेच होतं, पत्र्याच्या कुंपणाच्या आत, काचेचं, एसी लावलेलं, तिथला साहेब बोलायचा बघतो.

एक दिवस पाणी आलंच नाही. नळ नुसता खोकला आणि गप्प झाला. दुपारी बायका गॅलरीत जमल्या, सगळ्या एकदम बोलत होत्या, आणि माझी सासू रिकामी कळशी पालथी घालत होती. मग बोलली, "सायब आयकना नाय, मगे देवाकच सांगूया. पण घरात बसान नाय. सायबाच्या दारात जावन गाऱ्हाणा घालूया."

कोकणाबाहेरच्यांसाठी सांगते, गाऱ्हाणं म्हणजे नुसती तक्रार नाही. नारळ हातात घेऊन देवाला मोठ्याने सांगायचं, बा देवा महाराजा, असं असं झालंय, ते दूर कर. एकाने सांगायचं आणि बाकीच्यांनी "व्हय महाराजा" म्हणायचं. मग नारळ ठेवायचा नाहीतर फोडायचा. आमच्याकडे गावच्या देवळात होतं, गणपतीत घरी होतं. बिल्डरच्या दारात कधी कोणी घातलं नसेल.

शेजारची एक बोलली, "मावशी, तो सायब मराठी तरी आहे का? त्याला काय कळणार?"

"त्याका कशाक कळूक व्हया? देवाक कळला म्हणजे झाला."

हसत हसतच निघालो आम्ही, पंधरा-वीस बायका, कोणाच्या हातात रिकामी कळशी, कोणाच्या हंडा. मी मनूला डाव्या कडेवर घेतली. गेटपाशी वॉचमन होता, वयस्कर, मिशीवाला. त्याने जाळीचं दार लोटून घेतलं, बोलला साहेब नाहीत. सासूने ऐकलंच नाही, ती सुरूच झाली, बा देवा महाराजा, आणि आम्ही व्हय महाराजा, व्हय महाराजा, तो आवाज चढत गेला, मागून अजून माणसं आली, पोरं आली, कोणीतरी मोबाईल वर धरून शूटिंग करायला लागलं. पायरीवर नारळ फोडायची वेळ आली तेव्हा सासूने तो माझ्या हातात दिला. "माझो खांदो धरलोहा, तूच फोड." मी उजवा हात वर केला. तेवढ्यात मागून रेटा आला, मी जाळीवर आदळले, मनू किंचाळली, आणि वॉचमन माझ्याकडे बघून बोलला, "पोरगं कशाला आणलंस? ढाल म्हणून?"

मग हातात नारळ नव्हता. एवढंच मला सांगता येतं. आधी होता आणि मग नव्हता. वॉचमन कपाळ धरून खाली बसला, त्याच्या बोटांतून रक्त आलं, आणि आम्ही सगळ्या पळालो. मी घरी येऊन मनूला दूध पाजलं तर ती तोंड लावायची आणि सोडायची.

संध्याकाळी टीव्हीवर मी होते. विनोदने बातम्या लावल्या होत्या, मी पोळ्या लाटत होते, आणि तो बोलला, "ए, ही तूच ना?" मी होते. माझीच पिवळी साडी, माझ्याच कडेवर मनू, माझा हात वर, आणि हातात काहीतरी काळं गोल, त्याच्याभोवती लाल गोल काढलेला. तो लाल गोल धडधडत होता, लहान मोठा, लहान मोठा. खाली पट्टी, जमावाचा बिल्डरच्या कार्यालयावर हल्ला, वॉचमन गंभीर, महिलेच्या हातात दगड? तेच चित्र परत परत, मी हात वर करायचे आणि तिथेच थांबायचे, परत हात वर. पोळी तव्यावर जळाली. सासू खाटेवर बसून बघत होती. नारळ तिनेच दिला होता माझ्या हातात, तिच्याच पिशवीतला, आणि ती माझ्याकडे वळून हळूच बोलली, "गो, नारळच होतो मा?"

मी बोलले हो. पण विचारलं तिने. आणि मला सांगायला लाज वाटते, आठव्या-दहाव्या वेळी तो हात वर गेलेला बघितल्यावर मलाही तो दगड दिसायला लागला. माझ्यासारखीला टीव्हीवर आलं, छापून आलं म्हणजे खरंच असतं. मी माझ्या हाताकडे बघत बसले, पीठ लागलेल्या.

आता मनू चौथीत आहे. त्या व्हिडिओची ती चाळीस सेकंदं अजून फिरतात. निवडणूक आली की येतात. कधी खाली दुसऱ्याच शहराचं नाव असतं, एकदा तर हिंदीत दुसऱ्याच भांडणाची बातमी होती आणि हात माझा. सोसायटीच्या ग्रुपवर एका बाईने टाकलं, "अशा आया असतात." मी अंगठा पण दाबला नाही, काही नाही, फोन उलटा ठेवला.

टीव्हीवर आले त्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी विलास आला. विलास म्हणजे आमच्या बाजूने जो पक्ष होता त्याचा इथला माणूस, पाण्याचे टँकर तोच मागवायचा. हातात पेपर, त्यांच्या बाजूचा. "वहिनी, बघा, तुम्ही हिरॉइन झाल्या." पहिल्याच पानावर मी. पण हा फोटो वेगळा वाटत होता. मनू मोठी दिसत होती, तिचे डोळे रडवेले, आणि माझा हात मनगटापर्यंतच, वरचा भाग कापलेला. वर लिहिलेलं, तहानलेल्या लेकरासाठी आईची वज्रमूठ. आत होतं की ही रणरागिणी मस्तवाल बिल्डरच्या दारात उभी ठाकली. मी ते तीनदा वाचलं. अडखळत, बोट ठेवून, पण तीनदा. रात्रभर अंगात जे थंड बसलं होतं ते थोडं सुटल्यासारखं वाटलं. मी कात्रीने तो तुकडा कापला आणि कपाटाच्या दाराला आतून चिकटवला.

विलास बोलला, "पोलीस बोलावतील. घाबरायचं नाही. हात रिकामा होता, मूठ होती. पेपरात आहे तसंच बोलायचं."

"पण नारळ होता."

"वहिनी, नारळ बोललात की तुम्ही मारला असं होतं. केस पडेल. पोरगी किती महिन्यांची?"

त्याने हे प्रेमानेच विचारलं, पण मला त्यानंतर काही ऐकू येईना. मला फक्त एवढं दिसायला लागलं की मला नेतायत आणि मनू सासूच्या कडेवर आहे आणि अंगावरच्या दुधाशिवाय ती काही घेत नाही.

आमच्या मजल्याच्या टोकाला सोनावणे बाई राहायच्या. एकट्या. छापखान्यात त्यांनी आयुष्यभर प्रूफं तपासली होती, चुका काढायचं काम, आणि रिटायर झाल्यावरही दोन पेपर घ्यायच्या, एकमेकांना शिव्या देणारे दोन, आणि पेन्सिल घेऊन बसायच्या. चाळ हसायची त्यांना. सासू बोलायची, "बाई पेपर वाचणत नाय, निवडतत, तांदूळ निवडल्यासारखे." मी मनूला घेऊन त्यांच्याकडे गेले ते काही शिकायला नाही गेले. कपाटाला लावलेल्या तुकड्याचं सांगायला गेले होते, खरं तर. कोणीतरी परत एकदा चांगलं बोलावं म्हणून.

बाई नुकत्याच विहारातून आलेल्या, पांढरी साडी बदलली पण नव्हती. त्यांनी दोन्ही पेपर जमिनीवर पसरले, टीव्हीवाल्यांच्या बाजूचा, ज्यात टीव्हीवरचीच ओळ मथळा होती, आणि माझ्या बाजूचा, आणि पेन्सिल माझ्या हातात दिली.

"खोड."

"काय खोडू?"

"जे डोळ्यांनी दिसत नाही ते. जमाव दिसतो का? बायका दिसतात. हल्ला खोड. इथे रणरागिणी खोड."

"ते कशाला? ते चांगलं आहे."

"म्हणून तर आधी खोड."

मला राग आला, पण खोडलं. मस्तवाल खोडला, गंभीर खोडला, वज्रमूठ खोडली. त्यांनी दगडापुढच्या प्रश्नचिन्हावर नख ठेवलं. "हे कशाला ठेवतात माहितीय? बोलायचं पण आहे आणि उद्या अंगावर पण नको." मग बोलल्या, "आता बघ, ह्या बातमीत तोंड कोणी उघडलंय?" मी बघितलं. एकात बिल्डरचा माणूस बोलला होता, दुसऱ्यात पुढारी. "तू बोललीस कुठे?" नाही. "सासू?" नाही. "ज्याला लागलं तो?" मी शोधलं. टीव्हीवाल्यांच्या बाजूच्या पेपरात तो गंभीर होता, एवढंच. आणि माझ्या बाजूच्या पेपरात, ज्याचा तुकडा मी कपाटाला लावला होता, त्यात वॉचमन नव्हताच. अख्ख्या बातमीत नव्हता. जाळीच्या आत कोणी बसलंच नव्हतं, रक्त आलंच नव्हतं. आणि मी तीनदा वाचूनही मला ते दिसलं नव्हतं.

बाई बोलल्या, "न आवडणारी बातमी आपण तपासतोच ग. आवडलेली तपासायला हवी." मनूने तोवर पेपराचा कोपरा तोंडात घातला होता. बाईंनी तो काढला आणि विचारलं, "कसा आहे तो माणूस?"

मला माहीत नव्हतं. दोन दिवस मी माझ्याच हाताचा विचार करत होते, त्याच्या कपाळाचा नाही.

त्याचा पत्ता दुसऱ्या वॉचमनने दिला. भायखळ्यालाच राहत होता, माझ्या माहेरापासून दोन गल्ल्या सोडून, पवार नाव. घरी कोणाला न सांगता गेले, मनूला घेऊन. बसमध्ये सगळे माझ्या हाताकडे बघतायत असं वाटत होतं, मी पदरात लपवला तो. दार त्याच्या बायकोने उघडलं. तो कॉटवर बसलेला, डोक्याला पट्टी, चहात बेकरीचं बटर बुडवून खात होता. मला बघून थांबला.

"कोणी पाठवलं?"

"कोणी नाय. मीच आले."

"बिल्डरचा माणूस येऊन गेला, तो बोलला दगड सांग. तुमचा तो टँकरवाला येऊन गेला, तो बोलला पाय घसरला सांग. तू काय सांगायला आलीस?"

मी बोलले, "विचारायला आले. काय लागलं तुम्हाला?"

त्याने बायकोकडे बघितलं. बायको हसली की काय केलं कळलं नाही, तोंडावर हात घेतला तिने. तो बोलला, "नारळ. दुसरं काय? चार टाके पडले. पोरगा आला होता टीव्हीवाला, त्यालाही बोललो नारळ. तो बोलला, काका, नारळ बोललात तर लोकांना वाटेल सत्यनारायण होता."

"मग नारळ कुठाय?" मी विचारलं. मला वाटलं तो दाखवता येईल.

बायको बोलली, "अगं, देवाचा नारळ. रस्त्यात कसा टाकायचा? ह्यांनी तसाच पिशवीत घातला, रक्त पुसत घरी घेऊन आले. दोन दिवस देवापुढे ठेवला. मग आज भाजून वाटणात घातला." चूल नव्हती, गॅस होता, त्यावर पातेलं होतं. मला वास येत होता इतका वेळ, खोबरं भाजल्याचा, आणि मला कळलं नव्हतं.

मी मनूला खाली ठेवली आणि त्याच्या पाया पडले. तो पाय ओढून घेत बोलला, "नको, नको. ते ढाल बोललो मी, ते काही बरोबर बोललो नाही. पोरीला बघून तोंडातून गेलं." मग पट्टीला हात लावून, "सुटला असेल हातातून. गर्दी होती." मी मान हलवली. मनू रांगत त्याच्या चपलांपाशी गेली, आणि बायकोने तिच्या हातात बटरचा तुकडा दिला.

मग दोन दिवसांनी चौकीत बोलावलं. मनूला सासूकडे ठेवून गेले. विलास गेटपर्यंत आला, "मूठ, वहिनी, मूठ," बोलला. आत एक हवालदार होते, माझ्या वडिलांच्या वयाचे, चष्मा नाकावर. मी सगळं सांगितलं, नारळ, गाऱ्हाणं, रेटा, ते बोलणं, सगळं, धाप लागली मला. ते थांबवत थांबवत लिहीत होते. मग बोलले, "वाचून दाखवतो, सही कर."

"मी वाचते."

"येतं?"

"नववी शिकलीय."

कागद माझ्याकडे सरकवला. त्यांचं अक्षर चांगलं होतं. लिहिलं होतं, गर्दीचा धक्का लागून नारळ सुटला व तो सदर इसमास लागला. मी बोट ठेवून वाचलं, परत वाचलं. ह्यात मी कुठे नव्हते. धक्का गर्दीचा, सुटणारा नारळ, लागणारा पण नारळच. आणि ती ढाल पण नव्हती. माझ्या डोक्यात बाईंची पेन्सिल चालायला लागली आणि मला ती थांबवता येईना, आणि थांबावी असं फार वाटत होतं.

"साहेब, इथे लिहा, माझ्या हातून सुटला. आणि त्याच्या आधी ते मला एक वाक्य बोलले, त्याचा मला राग आला होता, हे पण लिहा."

त्यांनी चष्मा काढला. "ढालीचं मी मुद्दाम गाळलं. राग लिहिला की प्रश्न बदलतो बाई. मग सुटला का मारला? मी तुझ्या बाजूनेच लिहितोय ना?"

"माहितीय. तरी लिहा."

"मारलास का?"

मी खरं सांगते, मला तेव्हा पण माहीत नव्हतं. आजही रात्री अंगावर पांघरूण ओढताना कधी तो हात वर जातो, आणि मी बघत राहते की बोटं आधी उघडतायत की धक्का आधी लागतोय. नाही दिसत. मी त्यांना एवढंच बोलले की राग होता आणि मग नारळ नव्हता. त्यांनी चष्मा परत घातला, मधल्या जागेत बारीक अक्षरात ते वाक्य घातलं, शेजारी माझी सही घेतली, खाली अजून एक.

"बस बाहेर. साहेब आले की बघतील."

बाकावर बसले. दोन वाजले, तीन वाजले. मनूची वेळ झाली ते मला घड्याळाआधी कळलं, ब्लाऊज ओला झाला दोन्हीकडून, मी पदर घट्ट धरून बसले, समोरून माणसं जात होती. साडेचारला साहेब आले. उभ्याउभ्याच कागद वाचला, त्या बारीक ओळीपाशी थांबले.

"हे कोणी घालायला लावलं?"

"मी."

"वकील होता?"

"नाय."

त्यांनी हवालदाराकडे बघितलं, कागद फाईलमध्ये ठेवला. "जा आता. बोलावलं की यायचं."

मी पळत घरी गेले, जिना चढताना मनूचं रडणं ऐकू येत होतं. ह्याला वर्षं झाली. टॉवर उभा राहिला, चाळ रिकामी झाली, आम्ही आता प्रभादेवीला भाड्याने आहोत. पवारकाका मागच्या वर्षी वारले. फोनवर अनोळखी नंबर आला की मी अजून उभी राहून घेते. अजून बोलावलेलं नाही.